डीऑक्सिहिमोग्लोबिन : संज्ञेचा अर्थ आणि वापर

रक्तातील हिमोग्लोबिन या प्रथिनाच्या रेणूला ऑक्सिजन जोडलेला नसतो, त्या अवस्थेत त्याला डीऑक्सिहिमोग्लोबिन असे म्हणतात. हाच रेणू ऑक्सिजन धारण करतो तेव्हा त्याला ऑक्सिहिमोग्लोबिन हे नाव मिळते. ही दोन निरनिराळी प्रथिने नव्हेत. एकाच प्रथिनाच्या या दोन अवस्था आहेत. माणूस विश्रांत असताना साधारण मिनिटाभरात रक्ताची शरीरातील एक फेरी पूर्ण होते आणि त्या एका फेरीत हिमोग्लोबिन फुप्फुसांत ऑक्सिजन घेते, ऊतींमध्ये त्यातील काही भाग सोडते आणि पुन्हा फुप्फुसांकडे परतते.

बातम्यांमध्ये ही संज्ञा क्वचितच येते. मात्र ऑक्सिमीटरवरील आकडा, ओठ निळे पडणे, सिकलसेल आजाराची तपासणी, मेंदूच्या कार्याचे एमआरआय चित्रण या सर्व विषयांच्या मुळाशी ती असते. तिचा मराठी अनुवाद करताना ‘ऑक्सिजनविरहित रक्त’ किंवा ‘अशुद्ध रक्त’ असे शब्द सर्रास योजले जातात. ते केवळ ढोबळ नाहीत, चुकीचे आहेत. डीऑक्सिहिमोग्लोबिन हे रक्ताचे वर्णन नसून रेणूच्या अवस्थेचे नाव आहे आणि हा भेद सुटला की रुग्णाच्या स्थितीविषयीचा अंदाजही चुकू शकतो.

शब्दाची घडण

‘डी’ हा उपसर्ग काढून घेतल्याचा, वियोगाचा अर्थ दाखवतो. ‘ऑक्सि’ म्हणजे ऑक्सिजन. ‘हिमो’ हा अंश रक्त या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आला आहे आणि ‘ग्लोबिन’ हे या रेणूतील प्रथिनाच्या भागाचे नाव आहे. मराठी वैद्यकीय लेखनात हिमोग्लोबिनसाठी ‘रक्तारुण’ हा सुरेख शब्द वापरला गेला आहे; रक्ताचा अरुण वर्ण ज्यामुळे येतो ते, अशी त्याची फोड करता येते. परंतु दवाखान्यातील चिठ्ठीपासून प्रयोगशाळेच्या अहवालापर्यंत सर्वत्र ‘हिमोग्लोबिन’ हाच शब्द रुळला असल्याने ‘अ-ऑक्सिजनित रक्तारुण’ यासारखी रचना वाचकाला अडखळायला लावते. मूळ संज्ञा देवनागरीत लिहून पहिल्या उल्लेखात ‘ऑक्सिजन न जोडलेले हिमोग्लोबिन’ असा खुलासा करणे, हा सर्वांत सरळ मार्ग होय.

या रेणूत चार शृंखला असतात, दोन अल्फा आणि दोन बीटा. प्रत्येक शृंखलेत ‘हीम’ नावाचा एक गट आणि त्याच्या मध्यभागी लोहाचा एक अणू असतो. ऑक्सिजनचा रेणू या लोहाला जोडला जातो. म्हणजे पूर्ण भरलेल्या एका हिमोग्लोबिनवर ऑक्सिजनचे चार रेणू असतात. काटेकोर अर्थाने चारही जागा रिकाम्या असलेल्या रेणूलाच डीऑक्सिहिमोग्लोबिन म्हणावे. पण वैद्यकातील मोजमापात एकूण जागांपैकी किती रिकाम्या आहेत, त्या प्रमाणासाठीही हाच शब्द वापरतात.

‘क्षपित’ हे जुने नाव

जुन्या ग्रंथांत, आणि काही डॉक्टरांच्या बोलण्यात आजही, डीऑक्सिहिमोग्लोबिनला ‘रिड्यूस्ड हिमोग्लोबिन’ म्हटलेले आढळते. मराठीत त्याचे ‘क्षपित हिमोग्लोबिन’ होते. या नावामागे एक इतिहास आहे. जर्मन शास्त्रज्ञ फेलिक्स होप-सायलर यांनी १८६२ मध्ये रक्तातील रंगद्रव्याच्या वर्णपटाचे वर्णन केले आणि १८६४ मध्ये त्या द्रव्याला हिमोग्लोबिन हे नाव दिले. त्याच वर्षी केंब्रिजचे गणिती व भौतिकशास्त्रज्ञ जॉर्ज गॅब्रिएल स्टोक्स यांनी रक्ताच्या द्रावणात लोहाचा एक क्षपणकारक क्षार मिसळून पाहिला. लालभडक द्रावण जांभळट झाले आणि वर्णपटातील दोन काळ्या पट्ट्यांच्या जागी एकच रुंद पट्टा दिसू लागला. द्रावण हवेत हलवताच पूर्वीचा रंग आणि पूर्वीचे दोन पट्टे परत आले. रक्ताचा रंग का बदलतो, याचे उत्तर त्या साध्या प्रयोगाने दिले. स्टोक्स यांनी या दोन रूपांना शेंदरी आणि जांभळे ‘क्रुओरिन’ अशी नावे दिली होती. ती टिकली नाहीत, परंतु या बदलाला त्यांनी ‘क्षपण’ म्हटले ते मात्र टिकले.

रसायनशास्त्राच्या दृष्टीने ते नाव फसवे आहे. ऑक्सिजन निघून गेला म्हणून लोहाचे क्षपण झाले, असे येथे घडत नाही. जोडलेला ऑक्सिजन सुटतो तेव्हा लोह फेरस अवस्थेत असते, आणि ऑक्सिजन जोडण्यापूर्वीही ते त्याच अवस्थेत होते. लोखंड गंजते तशी ही क्रिया नाही. ऑक्सिजन येतो, बसतो आणि उठून जातो. लोहाचे कायमचे ऑक्सिडीकरण होत नाही. अमेरिकी रसायनशास्त्रज्ञ जेम्स कोनंट यांनी १९२३ मध्ये विद्युत-रासायनिक मोजमापांच्या आधारे ऑक्सिजनशी संयोग आणि ऑक्सिडीकरण यांतील हा फरक स्पष्ट केला.

लोहाचे खरोखरच ऑक्सिडीकरण होऊन ते फेरिक अवस्थेत गेले, तर तयार होणारे द्रव्य वेगळे असते. त्याचे नाव मेथहिमोग्लोबिन. ते ऑक्सिजन वाहून नेऊ शकत नाही आणि रक्ताला चॉकलेटी छटा देते. काही औषधांमुळे किंवा तान्ह्या मुलांना नायट्रेटचे प्रमाण अधिक असलेले विहिरीचे पाणी दिल्यामुळे ते वाढू शकते. डीऑक्सिहिमोग्लोबिन ही निरोगी शरीरात क्षणोक्षणी घडणारी अवस्था आहे, तर मेथहिमोग्लोबिन वाढणे हा बिघाड आहे. दोन्हींना ‘ऑक्सिजन नसलेले हिमोग्लोबिन’ म्हणून एकाच पंक्तीत बसवता येणार नाही.

‘अशुद्ध रक्त’ कशाला म्हणावे?

धमन्यांत शुद्ध रक्त आणि नीलांत अशुद्ध रक्त, ही वाक्ये मराठी वाचकांच्या अनेक पिढ्यांनी पाठ केली आहेत. चित्रातही एक बाजू लाल आणि दुसरी निळी रंगवलेली असे. या दोन्ही गोष्टींनी गैरसमज पक्के केले. नीलांमधील रक्तात घाण नसते. शिवाय ते ऑक्सिजनविरहितही नसते. निरोगी माणूस विश्रांत असताना हृदयाकडे परतणाऱ्या मिश्र रक्तातील हिमोग्लोबिनच्या सुमारे ७५ टक्के जागा अजूनही ऑक्सिजनने भरलेल्या असतात. धमनीतील रक्तात हे प्रमाण ९५ ते ९८ टक्के असते. एखाद्याच्या दर १०० मिलिलिटर रक्तात १५ ग्रॅम हिमोग्लोबिन असेल, तर परतीच्या रक्तात त्यापैकी जेमतेम पावणेचार ग्रॅम डीऑक्सिहिमोग्लोबिन असते. उरलेला ऑक्सिजन हा शरीराचा राखीव साठा. धावताना स्नायू त्यातूनच अधिक उचल करतात.

रक्ताचा रंगही निळा नसतो. डीऑक्सिहिमोग्लोबिन गडद, जांभळट लाल दिसते. रक्त तपासणीसाठी नीलेतून काढलेले रक्त नळीत पाहिलेल्या प्रत्येकाला हे ठाऊक आहे. मनगटावरील नीला निळसर दिसतात त्या त्वचेतून प्रकाश विखुरला जाण्याच्या आणि शोषला जाण्याच्या पद्धतीमुळे.

त्यामुळे ‘अशुद्ध रक्त’ हा शब्द वृत्तलेखनातून निवृत्त करणेच इष्ट. ‘नीलांमधील रक्त’ किंवा ‘कमी ऑक्सिजन असलेले रक्त’ हे पर्याय पुरेसे आहेत.

रिकामा रेणू काय करतो?

१९३८ मध्ये प्राग येथे फेलिक्स हॉरोविट्झ यांना एक विलक्षण गोष्ट आढळली. शीतकपाटात ठेवलेले ऑक्सिहिमोग्लोबिनचे शेंदरी, सुईसारखे स्फटिक काही आठवड्यांनी नाहीसे झाले होते आणि त्यांच्या जागी जांभळे षट्कोनी स्फटिक आले होते. जिवाणूंनी त्या द्रवातील ऑक्सिजन संपवला होता. सूक्ष्मदर्शकाखाली काचेच्या कडेने हवा आत शिरताच षट्कोनी स्फटिक विरघळले आणि पुन्हा सुया तयार झाल्या. ऑक्सिजन जोडला जातो तेव्हा संपूर्ण रेणूचाच आकार बदलतो, हा त्याचा अर्थ होता.

तो आकार कसा बदलतो, हे शोधण्यात मॅक्स पेरुत्झ यांनी केंब्रिजमध्ये उभे आयुष्य वेचले. क्ष-किरणांच्या साहाय्याने हिमोग्लोबिनची रचना उलगडल्याबद्दल त्यांना १९६२ चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक जॉन केंड्र्यू यांच्यासमवेत मिळाले. ऑक्सिजन घेताना व सोडताना रेणूत होणाऱ्या हालचालीचे त्यांचे सविस्तर विवेचन १९७० मध्ये प्रसिद्ध झाले. डीऑक्सिहिमोग्लोबिनच्या चार शृंखला एकमेकींना अधिक बंधांनी जखडलेल्या असतात, म्हणून या स्थितीस ‘ताणलेली’ म्हणतात. पहिला ऑक्सिजन या जखडलेल्या रेणूत मोठ्या मुश्किलीने शिरतो. तो बसला की बंध सैल होऊ लागतात आणि पुढच्या ऑक्सिजनची वाट सोपी होते. परतीच्या प्रवासात हेच उलट क्रमाने घडते. फुप्फुसांत भराभर भरायचे आणि ऊतींमध्ये भराभर सोडायचे, ही हिमोग्लोबिनची दुहेरी किमया या दोन आकारांमुळे साधते.

रिकामा झालेला रेणू निरुपयोगीही होत नाही. ऊतींमध्ये तयार झालेला कार्बन डायऑक्साइड आणि हायड्रोजन आयन यांना डीऑक्सिहिमोग्लोबिन हे ऑक्सिहिमोग्लोबिनपेक्षा अधिक सहजतेने धरून ठेवते. ऑक्सिजन पोहोचवून परतणारी गाडी परतीचा मालही घेऊन येते, असे म्हणता येईल.

निळेपणा आणि रक्तक्षय

ओठ, जीभ, नखे निळसर पडणे या लक्षणाला वैद्यकात सायनोसिस म्हणतात, मराठीत नीलविवर्णता. या लक्षणाचा डीऑक्सिहिमोग्लोबिनशी थेट संबंध आहे. १९२३ मध्ये क्रिस्टन लुंड्सगार्ड आणि डोनाल्ड व्हॅन स्लाइक यांनी मांडलेला आणि आजही पाठ्यपुस्तकांत दिला जाणारा निकष असा की, केशवाहिन्यांतील दर १०० मिलिलिटर रक्तात सुमारे ५ ग्रॅम डीऑक्सिहिमोग्लोबिन जमले की निळेपणा डोळ्यांना जाणवू लागतो. येथे ‘ग्रॅम’ हा शब्द महत्त्वाचा आहे. ही टक्केवारी नाही.

आता दोन व्यक्तींची तुलना करावी. एकीचे हिमोग्लोबिन १५ ग्रॅम आहे. तिच्या केशवाहिन्यांतील एक तृतीयांश हिमोग्लोबिन रिकामे झाले की निळेपणा दिसेल. दुसरीचे हिमोग्लोबिन ७ ग्रॅम आहे. तिच्या बाबतीत तेवढेच ५ ग्रॅम भरण्यासाठी दोन तृतीयांशांहून अधिक हिमोग्लोबिन रिकामे व्हावे लागेल. इतकी घसरण होईपर्यंत तिचा जीव आधीच धोक्यात आलेला असेल. म्हणजे तीव्र रक्तक्षय असलेल्या रुग्णाचे ओठ निळे पडले नाहीत, एवढ्यावरून ऑक्सिजन पुरेसा आहे असा निष्कर्ष काढता येत नाही. उलट ज्यांच्या रक्तात तांबड्या पेशी प्रमाणाबाहेर वाढल्या आहेत, अशांना ऑक्सिजनची फारशी कमतरता नसतानाही निळसर छटा येऊ शकते.

भारतात हा मुद्दा पुस्तकी नाही. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९-२१ मधील पाचव्या फेरीत १५ ते ४९ वयोगटातील ५७ टक्के महिलांना रक्तक्षय असल्याचे आढळले. त्यांतील बहुतेकींचा रक्तक्षय सौम्य वा मध्यम असतो हे खरे. तरीही प्रसूतिकक्षात किंवा न्यूमोनियाच्या रुग्णाजवळ ‘निळेपणा नाही’ हे वाक्य हिमोग्लोबिनच्या आकड्याशेजारी ठेवूनच वाचावे लागते. सावळ्या वर्णावर हे लक्षण आणखी उशिरा लक्षात येते. म्हणून डॉक्टर जीभ आणि ओठांची आतली बाजू पाहतात.

ऑक्सिमीटर नेमके काय मोजतो?

डीऑक्सिहिमोग्लोबिन तांबडा प्रकाश अधिक शोषते आणि ऑक्सिहिमोग्लोबिन अवरक्त प्रकाश अधिक शोषते. बोटाला लावायच्या चिमट्यातून साधारणतः ६६० आणि ९४० नॅनोमीटर तरंगलांबीचे दोन प्रकाश पाठवले जातात व पलीकडे किती प्रकाश पोहोचला, त्यांच्या गुणोत्तरावरून टक्केवारी काढली जाते. बोटात कातडी, हाड, नीला असे सर्वच असते. त्यांतून धमनीचे रक्त वेगळे ओळखायचे कसे, ही अडचण जपानच्या निहोन कोहदेन कंपनीतील अभियंता ताकुओ आओयागी यांनी १९७० च्या दशकाच्या आरंभी सोडवली. नाडीच्या प्रत्येक ठोक्याबरोबर जो भाग कमी-जास्त होतो, तोच धमनीचा धरायचा, ही त्यांची युक्ती होती. आओयागी यांचे निधन एप्रिल २०२० मध्ये झाले. त्याच वर्षी कोविडच्या साथीमुळे हे उपकरण जगभर घरोघरी पोहोचले. महाराष्ट्रात सप्टेंबर २०२० मध्ये सुरू झालेल्या ‘माझे कुटुंब, माझी जबाबदारी’ मोहिमेत आरोग्य पथके घरोघरी जाऊन नागरिकांच्या शरीराच्या तापमानाबरोबर ऑक्सिजनची पातळीही तपासत होती.

या आकड्याला वृत्तांमध्ये ‘ऑक्सिजन पातळी’ म्हटले गेले. ही संज्ञा सोयीची असली तरी अपुरी आहे. ९६ हा आकडा हिमोग्लोबिनच्या शंभरपैकी किती जागा भरल्या आहेत, ते सांगतो. मुळात हिमोग्लोबिन किती आहे, ते सांगत नाही. १ ग्रॅम हिमोग्लोबिन सुमारे १.३४ मिलिलिटर ऑक्सिजन वाहू शकते. या हिशेबाने १५ ग्रॅमवाल्या व्यक्तीच्या १०० मिलिलिटर रक्तात जवळपास २० मिलिलिटर ऑक्सिजन मावतो आणि ७ ग्रॅमवाल्या व्यक्तीच्या रक्तात ९ मिलिलिटरच्या आसपास. ऑक्सिमीटर मात्र दोघांनाही ९८ दाखवू शकतो.

उपकरणाच्या आणखी दोन मर्यादा ध्यानात ठेवाव्यात. बंद खोलीत शेगडी किंवा जनित्र चालवल्याने कार्बन मोनॉक्साइडची विषबाधा झालेल्या व्यक्तीच्या रक्तात कार्बॉक्सिहिमोग्लोबिन तयार होते. ते लालभडक असते आणि साधा ऑक्सिमीटर त्याला ऑक्सिजनयुक्त हिमोग्लोबिनच समजतो. रुग्ण गुदमरत असताना पडद्यावर समाधानकारक आकडा दिसत राहतो. दुसरी मर्यादा त्वचेच्या वर्णाची. डिसेंबर २०२० मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’ने प्रसिद्ध केलेल्या अमेरिकेतील अभ्यासात, ऑक्सिमीटरच्या नजरेतून सुटलेली ऑक्सिजनची कमतरता कृष्णवर्णीय रुग्णांमध्ये श्वेतवर्णीयांच्या तुलनेत जवळजवळ तिप्पट आढळली. त्वचेच्या वर्णाच्या इतक्या छटा असलेल्या भारतासारख्या देशात या निष्कर्षाकडे दुर्लक्ष करणे परवडणारे नाही.

सिकलसेल : रिकामा रेणू चिकटतो तेव्हा

डीऑक्सिहिमोग्लोबिन ही संज्ञा सर्वाधिक गंभीर अर्थाने वापरली जाते ती सिकलसेल आजारात. या आनुवंशिक आजारात बीटा शृंखलेतील सहाव्या स्थानावरील ग्लुटामिक आम्लाच्या जागी व्हॅलिन हे अमिनो आम्ल येते. हा बदल ऑक्सिजन असेपर्यंत फारसा उपद्रव देत नाही. ऑक्सिजन सुटला, की असे बदललेले रेणू एकमेकांना चिकटून लांब तंतू तयार करतात, तांबडी पेशी कोयत्यासारखी वाकते, कडक होते आणि बारीक रक्तवाहिन्यांत अडकते. असह्य वेदना, वारंवार होणारा संसर्ग, प्लीहा, हाडे, मेंदू यांना इजा, हे त्याचे परिणाम. ताप, निर्जलीकरण, कडाक्याची थंडी, अतिश्रम, उंच प्रदेशातील विरळ हवा यांनी दुखणे उफाळते.

महाराष्ट्रात विदर्भ आणि नंदुरबार परिसर, तसेच मध्य प्रदेश, छत्तीसगड, ओडिशा, गुजरात, तामिळनाडूतील निलगिरी येथे, विशेषतः आदिवासी समाजांत, हा आजार आढळतो. केंद्र सरकारने १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून राष्ट्रीय सिकलसेल ॲनिमिया निर्मूलन अभियानाचा आरंभ केला. सात कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत निर्मूलन, हे त्याचे उद्दिष्ट आहे.

प्राथमिक तपासणीतील विद्राव्यता चाचणी म्हणजे या लेखाच्या विषयाचे जणू प्रात्यक्षिकच. रक्ताचा थेंब ज्या द्रावणात टाकतात, त्यातील सोडियम डायथायोनाइट हिमोग्लोबिनमधील ऑक्सिजन काढून घेते. सर्वसामान्य डीऑक्सिहिमोग्लोबिन विरघळलेले राहते आणि नळीमागे धरलेल्या कागदावरील रेषा स्पष्ट दिसतात. सिकल हिमोग्लोबिन मात्र विरघळत नाही; द्रावण गढूळ होते व रेषा झाकल्या जातात. ही चाचणी वाहक आणि रुग्ण यांत भेद करू शकत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी चाचणी करावी लागते. सहा महिन्यांखालील बालकांच्या रक्तात गर्भावस्थेतील हिमोग्लोबिन बरेच शिल्लक असल्याने त्यांच्याबाबत तिचा निकाल भरवशाचा नसतो. ‘चाचणी सकारात्मक’ एवढ्याच शब्दांवर एखाद्या मुलीचे लग्न मोडू शकते, अशा वस्त्यांमध्ये हा खुलासा बातमीतून गाळता कामा नये.

रेणू रिकामा होऊ न देणे, या कल्पनेवर आधारलेले व्हॉक्सेलोटर हे औषध अमेरिकेत नोव्हेंबर २०१९ मध्ये मंजूर झाले होते. हिमोग्लोबिनची ऑक्सिजनवरील पकड वाढवून डीऑक्सिहिमोग्लोबिनचे प्रमाण घटवणे, हे त्याचे कार्य. सुरक्षिततेविषयीच्या शंकांमुळे सप्टेंबर २०२४ मध्ये कंपनीने ते जगभरातील बाजारांतून मागे घेतले.

चुंबक आणि मेंदू

लायनस पॉलिंग आणि चार्ल्स कोरिएल यांनी १९३६ मध्ये दाखवून दिले, की डीऑक्सिहिमोग्लोबिन चुंबकीय क्षेत्राकडे किंचित आकर्षिले जाते, ऑक्सिहिमोग्लोबिन तसे आकर्षिले जात नाही. जपानी शास्त्रज्ञ सेजी ओगावा यांनी १९९० मध्ये याच गुणाचा उपयोग एमआरआय चित्रणासाठी करता येतो, हे सिद्ध केले. मेंदूचा एखादा भाग कार्यरत झाला की तेथे गरजेपेक्षा अधिक ताजे रक्त येते, डीऑक्सिहिमोग्लोबिनचे प्रमाण घटते आणि चित्रातील संकेत वाढतो. त्यामुळे ‘मेंदूचा अमुक भाग उजळला’ असे वृत्तात म्हटले जाते तेव्हा यंत्राने विचार टिपलेला नसतो, रक्तातील हा बदल टिपलेला असतो.

प्रयोगशाळेच्या अहवालातील नोंद

अतिदक्षता विभागात धमनीतील रक्ताची सविस्तर तपासणी को-ऑक्सिमीटर या यंत्रावर होते. त्याच्या अहवालात डीऑक्सिहिमोग्लोबिन ‘एचएचबी’ या आद्याक्षरांनी दाखवतात आणि त्याच्या सोबत ऑक्सि-, कार्बॉक्सि- व मेथहिमोग्लोबिन यांची टक्केवारी असते. चारही आकड्यांची बेरीज शंभराच्या जवळ यावी लागते. बोटावरचा ऑक्सिमीटर यांपैकी फक्त पहिल्या दोहोंचाच विचार करतो. धुरात सापडलेल्या रुग्णाच्या बोटावर ९८ आणि अहवालात ऑक्सिहिमोग्लोबिन ७०, असे चित्र दिसले तर यंत्रे बिघडलेली नसतात. ज्या घटकाला बोटावरचे यंत्र ओळखत नाही, तो अहवालात कार्बॉक्सिहिमोग्लोबिनच्या ओळीत सापडतो.